पडद्यामागचे मेस्त्री



गेल्या महिन्यात कृष्णाकाठच्या एका गावाहून शेतकरी बंधूंचे पत्र आले. पत्र चार ओळींचे, पण त्यात बापाचा जीव टांगलेला. ते लिहितात, "थोरला मुलगा बारावीला आहे. शेतात लक्ष नाही. बेंदराला बैलांची शिंगं रंगवायला बसला की जेवायचं भान राहत नाही. गणपतीची आरास साऱ्या गावची हाच करतो. आता म्हणतो, सिनेमात देखावे उभे करणारा होणार. हा धंदा आहे का? याच्यावर घर चालतं का? तुम्ही सांगाल ते ऐकेन."

"तुम्ही सांगाल ते ऐकेन" असे कोणी लिहिले की आमच्या हाताला कापरे भरते. पेरणी कधी करावी हे सांगणे सोपे. कोणाच्या पोराने काय व्हावे हे सांगणारे आम्ही कोण? म्हणून होय-नाही असे उत्तर न देता या धंद्यातल्या एका माणसाची हकीकत सांगतो. माणूस आपल्याच मातीतला आहे. ती चुलीपुढे बसून बापलेकांनी मिळून वाचावी. घरातल्या माऊलीलाही ऐकवावी, कारण अशा गोष्टीत शेवटी निकाल तीच देते!

आधी धंदा कोणता ते पाहू. सिनेमात आपल्याला नट दिसतो, नटी दिसते. पण नट ज्या ओसरीवर बसतो ती ओसरी, त्यामागची भिंत, भिंतीवरचा पोपडा, कोनाड्यातली चिमणी, दारातला रांजण हे सारे कोणी तरी योजून मांडलेले असते. पुष्कळदा ते घर घरच नसते. पुढून भिंत आणि मागून बांबूचे टेकू! हे योजणारा तो कलादिग्दर्शक. नाटकात त्यालाच नेपथ्यकार म्हणत आले आहेत. त्याला चित्रकला तर हवीच, पण सुतारकाम, गवंडीकाम, रंगकाम कळायला हवे, कापडचोपड कळायला हवे आणि शेदीडशे माणसांकडून वेळेत काम करून घेता यायला हवे. लग्नघरी मांडव घालणारा, आचारी आणि वधूपिता हे तिघे एकाच अंगात असावेत, तसे हे काम आहे.

आता हकीकत.

कोल्हापुरात ३ जून १८९० रोजी कृष्णराव मेस्त्री यांच्या घरी एक मुलगा जन्मला. नाव बाबूराव. घर कारागिराचे. वडील सुतारकाम करीत, शिवाय चित्रे आणि मूर्तीही करीत. मुलाला शाळेपेक्षा रंधा, पटाशी, कुंचला यांचीच संगत अधिक लागली. चित्रकलेच्या कुठल्या मोठ्या शाळेत तो गेला नाही. बापाच्या हाताकडे बघत शिकला. त्याच्या जोडीला बंधू आनंदराव होते. हे सख्खे भाऊ नव्हते, पण सख्ख्यांना लाजवील असे त्यांचे मैत्र होते.

कोल्हापूर तेव्हा शाहू महाराजांचे. कुस्ती, गाणे, नाटक, चित्र, ज्याच्या अंगी जे असेल त्याला तिथे वाव होता. संगीत नाटकांचा काळ. नाटक मंडळीला राजवाडा, जंगल, नदी, देऊळ असे पडदे लागत. हे पडदे मेस्त्री बंधू रंगवू लागले. १९१० ते १९१६ या काळात मराठी मंडळ्याच नव्हे, तर गुजराती आणि पारशी नाटक कंपन्याही यांच्याकडून पडदे रंगवून घेत. लोक त्यांना 'पेंटर' म्हणू लागले आणि आडनाव मागे पडून बाबूराव पेंटर हेच नाव झाले.

इतक्यात दादासाहेब फाळके यांचा 'राजा हरिश्चंद्र' १९१३ साली आला. तो पाहून दोघा भावांना वेड लागले. आपणही सिनेमा काढायचा! पण सिनेमा काढायला कॅमेरा लागतो. तो विलायतेहून यायचा आणि त्याची किंमत यांच्या आवाक्याबाहेरची. मग काय केले असेल? आपल्याकडचा मेस्त्री इंजिन बिघडले तर जे करतो तेच यांनी केले. सिनेमा दाखवायचे यंत्र आधी मिळवले, ते उघडले, चित्रपट्टी पुढे कशी सरकते, उजेड कुठून येतो, भिंगामागची झडप कधी मिटते हे पाहिले आणि कॅमेरा स्वतः करायला बसले.

काम अर्धे झाले होते आणि १९१६ साली आनंदराव वारले. ऐन उमेदीत. बाबूरावांचा उजवा हात गेला. दुसरा कोणी असता तर ते अर्धवट यंत्र माळ्यावर टाकून पुन्हा पडदे रंगवीत बसला असता. बाबूरावांनी तसे केले नाही. विष्णुपंत दामले म्हणून त्यांचे एक शिष्य होते, यंत्रातले मोठे जाणकार. या गुरुशिष्यांनी १९१८ साली तो कॅमेरा पुरा केला. देशी लोखंडाचा, देशी हाताचा कॅमेरा. कोल्हापुरातल्या मेस्त्रीचा!

कॅमेरा झाला, पण भांडवल? पैसेवाल्यांची दारे उघडली नाहीत की काय कोण जाणे, मदतीला आल्या त्या एक गायिका, तानीबाई कागलकर. त्यांच्या पैशावर महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी राहिली. गाण्याच्या बैठकीतून मिळवलेला पैसा एका पेंटरच्या वेडापायी लावणाऱ्या या बाईंचे नाव आज फारसे कोणी घेत नाही. आपण तरी घेऊ या.

पहिले चित्र 'सैरंध्री', १९२० सालचे. अज्ञातवासातली द्रौपदी, तिच्यावर डोळा ठेवणारा कीचक आणि त्याचा वध करणारा भीम. तेव्हा सिनेमात बायकांची कामे बहुतेक पुरुषच करीत. घरंदाज बाई तर सोडाच, पोटासाठी गाणाऱ्या-नाचणाऱ्या बायाही कॅमेऱ्यापुढे यायला सहसा तयार नसत. बाबूरावांच्या चित्रात मात्र बायांनीच कामे केली. त्यांना त्यांच्या समाजाने वाळीत टाकले तेव्हा कंपनीच्या आवारातच त्यांना आसरा मिळाला. कीचकवध तर इतका हुबेहूब वठला की प्रेक्षक हादरले आणि सरकारी तपासनिसांनी त्या चित्राला कात्री लावली. ते चित्र पाहून लोकमान्य टिळकांनी बाबूरावांना 'सिनेमा केसरी' ही पदवी दिली. टिळक त्याच वर्षी १ ऑगस्टला गेले.

आता आपल्या पत्रलेखक बंधूंच्या चिरंजीवाने कान देऊन ऐकावे असा भाग.

नाटकाचा पडदा आणि सिनेमाचा देखावा यांत फरक काय? नाटकात प्रेक्षक लांब बसलेला. कापडावर खांब रंगवला की त्याला तो खांब वाटतो. कॅमेऱ्याला असे फसवता येत नाही. वारा आला, पडदा हलला की राजवाडा हलतो! ऊन एका बाजूने पडलेले असते आणि पडद्यावर रंगवलेली सावली दुसऱ्या बाजूला. नट रंगवलेल्या दारापुढे उभा राहिला तर त्याची सावली दाराच्या आत न पडता दारावर पडते. बाबूरावांनी जन्मभर पडदे रंगवलेले, त्यांनीच हे ओळखले आणि आपल्याच धंद्याला बाजूला सारले. त्यांनी नुसत्या रंगवलेल्या पडद्यांच्या जागी भरीव देखावे उभे केले. खऱ्या जाडीची भिंत, हात लावता येईल असा खांब, आत शिरता येईल असे दार. पात्रांचे पोशाख, त्यांची उभी राहण्याची ढब, प्रसंगाची मांडणी हे सारे ते आधी कागदावर काढीत. आधी कागद, मग लाकूड, मग कॅमेरा. आजही हाच क्रम आहे.

दुसरी अडचण रंगांची. तेव्हाची चित्रपट्टी काळी-पांढरी, पण सगळे रंग तिला सारखे दिसत नसत. तांबडा रंग तिला जवळपास दिसतच नसे, तो पडद्यावर काळा येई. निळे आकाश पांढरेफटक येई. म्हणजे तुम्ही नवरीला तांबडा शालू नेसवून उभी केलीत तर पडद्यावर ती काळे नेसून आली असे दिसायचे! तेव्हा सिनेमासाठी रंगवणाऱ्याला डोळ्याला काय दिसते ते विसरून यंत्राला काय दिसेल ते धरून रंग निवडावे लागत. आणि उजेड? उन्हाचाच. म्हणून देखाव्याला छप्पर घालत नसत, वर पांढरे कापड ताणून ऊन मऊ करून घेत. ढग आला की काम बंद. आपल्यासारखेच आभाळाकडे डोळे लावून बसायचे. १९२३ च्या 'सिंहगड' चित्रात बाबूरावांनी रात्रीच्या लढाईसाठी कृत्रिम उजेडाचा वापर केला आणि त्याचा मोठा बोलबाला झाला. ते चित्र पाहायला एवढी झुंबड उडाली की सरकारला करमणुकीवर कर बसवायची बुद्धी सुचली असे म्हणतात. चांगल्या पिकावर कुणाचा तरी डोळा असतोच.

जाहिरातीची भित्तिचित्रेही ते स्वतः करीत. 'कल्याण खजिना' या १९२४ च्या चित्राचे त्यांनी रंगवलेले भित्तिचित्र हे आपल्या देशातले आज शिल्लक असलेले सर्वांत जुने सचित्र सिनेमा-पोस्टर मानतात.

मग आले १९२५ साल आणि 'सावकारी पाश'. वाचकहो, या चित्रासाठी तरी बाबूरावांचे नाव शेतकऱ्याच्या घरात माहीत असायला हवे. तोवर पडद्यावर देव, राजे, राक्षस. या माणसाने शेतकरी पडद्यावर आणला. नारायण हरी आपटे यांची कथा. सावकार खोटे कागद करून शेतकऱ्याची जमीन गिळतो आणि शेतकरी गाव सोडून शहरात गिरणीत मजूर होतो. तरुण शेतकऱ्याचे काम व्ही. शांताराम यांनी केले. ज्यांच्या आजा-पणज्यांचा अंगठा असाच कोऱ्या कागदावर उमटला, त्यांना ही गोष्ट समजावून सांगायला नको.

त्यातला देखावा कसा होता? राजवाडे उभारणाऱ्या हाताने इथे एक झोपडी उभी केली. हे चित्र पाहिलेले मोठे निर्माते जे. बी. एच. वाडिया यांच्या ध्यानात पुढे कित्येक वर्षे तीच झोपडी राहिली. मंद उजेडातली उदास झोपडी आणि रडणारे कुत्रे. विचार करा, मूकपट होता. आवाज नाही, संवाद नाही. घरात काय झाले आहे ते झोपडीनेच सांगितले.

तुम्ही विचाराल, मग हे चित्र जोरात चालले असेल? नाही चालले. लोकांना देवादिकांची, मारामाऱ्यांची गोडी लागलेली. आपलेच दुःख पैसे देऊन कोण बघणार? बाबूराव पुन्हा पौराणिक-ऐतिहासिक चित्रांकडे वळले. पुढे १९३६ साली त्यांनी हेच चित्र पुन्हा, बोलपट करून काढले. म्हणजे विषय मनातून गेला नव्हता.

१९२९ साली आणखी एक घाव बसला. दामले, फत्तेलाल, शांताराम, धायबर ही त्यांच्या हाताखाली तयार झालेली माणसे बाहेर पडली आणि सीतारामपंत कुलकर्ण्यांना घेऊन १ जूनला त्यांनी प्रभात फिल्म कंपनी काढली. यात कोणाचे चुकले हे आज ठरवण्यात अर्थ नाही. मुले कर्ती झाली की वेगळी चूल मांडतात. पण ज्याने त्यांना हाती धरून शिकवले त्याचे घर रिकामे झाले, हे खरे. दोन वर्षांत बोलपट आले. बाबूरावांना त्यांचे फारसे प्रेम नव्हते. इतक्या कष्टाने जमवलेली चित्राची भाषा आता बडबडीखाली गाडली जाईल असे त्यांना वाटे. महाराष्ट्र फिल्म कंपनी बंद पडली. त्यांनी नंतरही काही चित्रे दिग्दर्शित केली, १९४७ चा 'लोकशाहीर रामजोशी' त्यांतलाच. पण त्यांचे मन रमले ते रंगात आणि मूर्तीत. १६ जानेवारी १९५४ रोजी ते वारले.

त्यांची बहुतेक मूकचित्रे आज राहिलेली नाहीत. तेव्हाची चित्रपट्टी पटकन पेट घेणारी होती. न पेटली तर दमटपणाने सडायची, आणि त्यातूनही उरली तर आतली चांदी काढण्यासाठी विकली जायची. १९२५ ची ती झोपडी आता कोणालाच पाहायला मिळणार नाही.

मात्र शिष्यांच्या हातात त्यांचे हात राहिले. यातले साहेबमामा फत्तेलाल मूळचे कागलचे. प्रभातच्या चित्रांचे कलादिग्दर्शन त्यांचे. १९३६ चा 'संत तुकाराम' तुमच्यापैकी ज्येष्ठांनी जत्रेतल्या तंबूत पाहिला असेल. आमच्या लहानपणी तो तंबूत लागला की म्हाताऱ्या बायका पडद्यापुढे नारळ ठेवीत. त्यातले देहू हे देहू नव्हे, पुण्यात प्रभातच्या आवारात उभारलेले आहे. दामले आणि फत्तेलाल या दोघांनी मिळून दिग्दर्शित केलेल्या त्या चित्राचा १९३७ साली इटलीत व्हेनिसच्या महोत्सवात गौरव झाला. त्यातले तुकोबांचे घर, आवलीची चूल, म्हैस पाहताना कुठे खोटे वाटते का? मुसलमान कारागिराने वारकऱ्याचे घर मांडले आणि वारकऱ्यांनी ते आपले मानले.

ही झाली शंभर वर्षांमागची गोष्ट. पत्रलेखक बंधू म्हणतील, आताचे सांगा. तर आताचे सांगतो, आणि कडू आहे म्हणून लपवत नाही.

नितीन चंद्रकांत देसाई. जन्म १९६५, गाव कोकणातले दापोली. मुंबईच्या सर जे. जे. कला महाविद्यालयात शिकले आणि पुढे हिंदी सिनेमातले मोठे कलादिग्दर्शक झाले. 'लगान' मधले चंपानेर गाव तुमच्या डोळ्यापुढे असेल. पाऊस नाही, आभाळाकडे बघणारे शेतकरी, मातीची घरे, टेकडीवरचे देऊळ. ते गाव कच्छमध्ये भूजजवळ त्यांनी माळावर उभे केले, तिथल्याच लोकांना हाताशी धरून. 'डॉ. बाबासाहेब आंबेडकर', 'हम दिल दे चुके सनम', 'लगान' आणि 'देवदास' या चार चित्रांच्या कलादिग्दर्शनाला राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. २००५ साली त्यांनी कर्जतजवळ स्वतःचा मोठा स्टुडिओ काढला. त्यासाठी कर्ज काढले, ते वाढत गेले आणि व्याजासकट अडीचशे कोटींच्या घरात पोहोचले. २ ऑगस्ट २०२३ रोजी त्याच स्टुडिओत त्यांनी आपले आयुष्य संपवले. अठ्ठावन्नावा वाढदिवस चार दिवसांवर होता.

ही बातमी वाचली त्या दिवशी आम्हाला जेवण गेले नाही. ज्या घरांनी अशी बातमी आपल्या वेशीत पाहिली आहे त्यांना जास्त सांगायला नको. कलेने त्यांना कधी उपाशी ठेवले नव्हते. मारक ठरला तो बोजा. कुंचला धरणाऱ्याने काय आणि नांगर धरणाऱ्याने काय, हप्ता थकला की रात्री सारख्याच जातात. आणि अशी रात्र कोणाच्या घरी चालू असेल तर त्या माणसाला एकटे झोपू देऊ नका, त्याच्याजवळ बसा.

तर बंधू, आता तुमच्या प्रश्नाकडे. हा धंदा आहे का? आहे. सिनेमा, नाटक, दूरदर्शनच्या मालिका, जाहिराती, मोठमोठे समारंभ या सगळ्याला देखावे लागतात. याच्यावर घर चालते का? चालते, पण पगारासारखे नव्हे, पिकासारखे. एखादा हंगाम भरून येतो, एखादा कोरडा जातो. सुरुवातीची चारपाच वर्षे दुसऱ्या कोणाच्या हाताखाली रंगाचे डबे उचलण्यात जातात, आणि मुंबईत राहायचा खर्च तुम्हाला सोसावा लागेल. हे धरून चाला.

मुलाने काय करावे? शाळेत सरकारच्या एलिमेंटरी आणि इंटरमीजिएट या चित्रकलेच्या परीक्षा असतात. त्या दिल्या आहेत का ते विचारा. बारावीनंतर कला महाविद्यालयाच्या पदवीला प्रवेश घेता येतो. मुंबईचे जे. जे. १८५७ पासूनचे आहे. पदवी झाल्यावर पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये कलादिग्दर्शनाचा स्वतंत्र अभ्यासक्रम आहे, त्याला प्रवेश परीक्षा असते. ती संस्था कुठे आहे ठाऊक आहे? प्रभातच्याच जुन्या आवारात. जिथे फत्तेलालांनी देहू वसवले तिथेच आजची पोरे भिंती रंगवायला शिकतात.

तोवर त्याला घरीच एक काम लावून द्या. तुमचा गोठा कागदावर काढायला सांगा. नुसते चित्र नव्हे, मापे घेऊन. गव्हाण किती फूट, दावण कुठे, सकाळी ऊन कोणत्या भिंतीवर पडते, कोणत्या खांबाला बैलांनी अंग घासून गुळगुळीत केले आहे. मग पुठ्ठा, काड्या आणि मातीचा तसाच छोटा गोठा करू द्या. आठ दिवस लागतील. तेवढे दिवस त्याला वैरण आणायला पाठवू नका, ते काम धाकट्याकडे द्या. धाकटा कुरकुर करील, करू द्या.

गोठा पुरा झाला, तर त्याचा फोटो आमच्या पत्त्यावर पाठवा. आणि तो अर्ध्यात सोडून उठला, तरी तसे कळवा.